नखं सोडून सारं काई

— घ्या ना बाई, घ्या, त्यात विचाराचं काय. नेलकटरच आहे ते. जाळ्याच्या ढिगात पडलेलं म्हणून ओळखू नाई आलं तुमाले. आमच्या दाराची कडीच तशी आहे, नव्या माणसाचं एक नख घेतल्याशिवाय आत येऊ देत नाई — मी या घरी आली तेव्हा माझंही घेतलं होतं, हळदीच्या हाताचं. कापून टाका, नाई तर दिवसभर साडीत अडकत राहील. थांबा, आधी पुसून देते, त्याच्या दाढेत सुताचे तुकडे बसून राहतात. हं, आता घ्या. जरा जोरानं दाबा, धार राह्यली नाई त्याले. सकाळी तुमी दवाखान्याकडून विचाराले आल्या तेव्हा मी आत होती, चुलीपाशी, पण ऐकलं सारं. सासूबाईनं सांगितलंच ना तुमाले — आमच्या घरी कोणाले काई नाई, ना डाग ना चट्टा, सारे ठणठणीत. अन् तुमी दारावर खडूनं लिहूनही गेल्या. मग झालंच की काम. आता पाणी प्यायले आल्या तर पाणीच प्या, मडक्यातलं आहे, गार आहे. घरात कोणी नाई म्हणून अवघडून बसू नका. सासू-सासरे मजुरीनं धान कापाले गेले लोकायच्या बांधीवर, नणंद त्यायच्यासोबत, अन् हे तलावावर. मी घरी काऊन? हे पाहा ना, पायाले विळा लागला परवा. वरोऱ्याची पोरगी मी, कापूस वेचता येते, धान कापता येत नाई. एवढ्यानं ओरडली की दुसऱ्या बांधीतल्या बाया धावत आल्या, वाटलं साप चावला. साऱ्यायनं हसून घेतलं. हसू द्या. ओरडता येते हे काई कमी नाई.

नाई, काई नाई. असंच बोलली.

तर नेलकटर माझं. माझ्या पेटीतलं. वरोऱ्याले स्टेशनच्या रस्त्यावर कटलरीवाला बसते, त्याच्याकडून माझ्या मैत्रिणीनं, रोशनीनं, घेतलं होतं लग्नात द्याले. साखळी होती त्याले, साखळीले ताजमहालाचं चित्र. ते चित्र पहिल्याच आठवड्यात गेलं — सासऱ्याले साखळी पाहिजे होती, डोंगा बांधाले. आता आमचा डोंगा ताजमहालाले बांधलेला असते, तलावावर गेल्या तर पाहा. मी आली तेव्हा बाया जमल्या होत्या पेटी पाहाले. इकडं रीत आहे तशी, नवरीची पेटी उघडतात अन् एकेक वस्तू वर धरून विचारतात, हे काय, हे कितीचं, हे कोणी दिलं. आरसा झाला, पावडर झाली, परकर मोजून झाले. मग हे निघालं. शेजारच्या शकुबाईनं वर धरलं, म्हणते, "हे काय वं? लेकराचा अडकित्ता होय काय?" मी म्हटलं, नेलकटर. "म्हंजे?" म्हटलं, नखं कापाचं. "अन् मंग आमचा लटारू न्हावी काय करंल? भजन?" — अशा हसल्या बाई, अशा हसल्या, की मी पेटीत तोंड घालून बसली. सासूबाईनं मग बाजू घेतली माझी. "नराणी होय वं ते, शहरातली नराणी," म्हणाली. नराणी म्हणजे न्हाव्याचं ते लोखंडी, छिन्नीसारखं, तुमी पाह्यलं असंल. तेव्हापासून सासूच्या तोंडात ते नराणी. सासरा कटर म्हणते. रंजीता, माझी नणंद, ते ताजमहाल म्हणते — "वहिनी, ताजमहाल कुठी ठेवलं?" अन् शकुबाई मागाले येते तेव्हा नाव आठवतच नाई तिले, दोन बोटं अशी दाबून दाखवते, "ते तुमचं टकटक द्या जरा." एवढीशी वस्तू, घरोघर वेगळं नाव. अन् यातलं एक माणूस, एक माणूस बाई, त्यानं नखं कापत नाई.

मग काय करतात? ऐका ना. जाळं विणताना नायलॉनचं सूत तोडाले ते लागते, हे मुख्य. आधी दातानं तोडत होते, सासऱ्याचे पुढचे दात तिकडंच गेले. बरं, ते काम झालं. मग ती खरखरीत पट्टी आहे ना, नख घासाची — तिच्यावर सासूबाई गळाची टोकं घासते. घासते, अंगठ्यावर टेकवून पाहते, टोचलं की "हूं" म्हणते अन् दुसरा गळ घेते. सासऱ्याले खर्र्याची पन्नी कापाले पाहिजे, दातानं फाडली की सुपारी सांडते म्हणे. शकुबाई काटा काढाले नेते, पोराच्या पायातला अन् बकरीच्या खुरातला, दोन्ही. एकदा मासोळीच्या सोसायटीच्या वजनकाट्याचा खिळा ढिला झाला तर तोही यानंच बसवला, अन् सोसायटीवाले दोन दिवस परत द्याले विसरले. मी विचारलं एकदा सासूले, की माय, तुमी लोक नखं कापता तरी कशानं? म्हणाली, "ढिवराचं नख पाणीच खाते, पोरी. त्याले कापा लागत नाई." खरं आहे ते. माझ्या सासऱ्याची नखं पाहा कधी, झिजून झिजून कवडीवानी. डाव्या अंगठ्याचं तेवढं राखून ठेवतात, कारण जाळ्याची गाठ त्या नखानं दाबून बसवा लागते. नाई बसवली तर गाठ सरकते अन् मोठी मासोळी तिथून निघून जाते. म्हणून लग्नातही लटारू न्हाव्यानं ह्यायच्या साऱ्या बोटायची नखं काढली अन् तो अंगठा सोडला. नवरदेव झाला म्हणून काय झालं, पुढच्या आठवड्यात जाळं विणाचं होतं.

लटारूचंच सांगते. तो मले भेटला की एकच गोष्ट सांगते. हळदीच्या आधी नवरदेवाची नखं काढून राह्यला होता, अन् त्याचा हात सरकला. नराणी करंगळीत घुसली. "वहिनी, रगत पाटावर! अन् तुमचा नवरदेव चिवडा खाऊन राह्यला होता, तो खातच राह्यला. हूं नाई का चूं नाई. माझ्या बापाच्या जन्मात असा नवरदेव नाई पाह्यला." मी ऐकून खूश झाली होती. म्हटलं, चला, धीराचा माणूस भेटला. नव्या नवरीचं असंच असते, नवऱ्याचं काईही दिसलं की आधी ती गुणात धरते. तुमचं लग्न झालं असंल ना? मग माहीत आहे तुमाले.

मी इतकी बोलत नाई हं एरवी. इथी मले मुकी म्हणतात. "वरोऱ्याची मुकी." बोलत नाई म्हणजे बोलता येत नाई असं वाटते लोकायले. मी आपली बसून पाहत असते. पाहाले पैसे लागत नाईत. अन् तुमी काय, उद्या दुसऱ्या गावात, परवा तिसऱ्या. तुमच्यापाशी बोललं तर ते तुमच्यासोबतच बस चढून जाते. — अजून घ्या पाणी.

एकदा कापली मी त्यानं नखं. खोटं काऊन बोलू, एकदा त्याचंही नाव खरं केलं. श्रावणात तलाव बंद असते आमचा, मासोळी अंड्यावर असते ना, जाळं टाकत नाईत. मग माणसायचे हात कोरडे राहतात अन् पाण्यानं खाल्ली नाईत म्हणून नखं वाढतात. पोळ्याच्या दुसऱ्या दिवसाची गोष्ट. सारे घरी, पोट भरलेलं, आम्ही दोघं इथीच छपरीत बसलो होतो, तुमी बसल्या त्या खाटेवर. भात कालवताना ह्यायच्या नखात भात अडकला होता, ते पाहून मी म्हटलं, द्या जी हात इकडं. दिला. दिवसाउजेडी माझ्या हातात हात द्याची ती पहिलीच वेळ, बाई. दोघंही लाजलो, अन् लाज झाकाले हे बोलाले लागले — तसे बोलके आहेत, मासोळीची गोष्ट असली की थांबत नाईत. दुसऱ्या एका गावच्या तलावाची गोष्ट. जाळं ओढून राह्यले होते अन् तिथला सोसायटीचा अध्यक्ष पाळीवर उभा राहून हुकूम सोडत होता, इकडून ओढा, तिकडून ओढा. जाळ्यात लांब काळं काईतरी वळवळलं. अध्यक्ष "साप! साप!" करत पळाला, धोतर बाभळीले अडकलं, धोतर बाभळीवर राह्यलं अन् अध्यक्ष गावात पोचला. अन् निघाली काय तर वाम, सापावानी दिसणारी मासोळी! "हातभर वाम!" असं सांगून हे हसून राह्यले होते, अन् मी ह्यायच्या तोंडाकडं पाहून राह्यली होती. हसताना चांगले दिसतात हे. बोटाकडं नव्हतं लक्ष. नख कापलं की टक होते, तुमी आत्ता ऐकलं. टक, टक, टक. अन् मग एकदा टक झालं नाई. कातडं कापताना आवाजच होत नाई, बाई. खाली पाह्यलं तर करंगळीच्या शेजारचं बोट — चांगलं कोरभर कापलं मी. रक्त माझ्या पदरावर उतरून राह्यलं होतं.

अन् हे सांगतच होते. धोतर बाभळीवरून कोणी काढलं, ते सांगून राह्यले होते.

मी वाट पाह्यली. आता म्हणतील आई गं, आता हात ओढतील, आता माझ्यावर खेकसतील. खेकसावं असं वाटून राह्यलं होतं मले. तुमी कधी पाह्यली काय अशी वाट — की आपल्या माणसाले दुखावं म्हणून? मग मी काय केलं, त्याची ती दुसरी पट्टी आहे ना, टोकाची, मळ काढाची — ती उघडली अन् करंगळीले टेकवली. टेकवली म्हणजे... दाबली. पहिल्यांदा चुकून झालं होतं. हे चुकून नाई. टोक आत गेलेलं दिसून राह्यलं होतं मले. अन् हे म्हणतात, "थांबली काऊन? झालं काय?" हात तसाच, माझ्या मांडीवर, जसं कोणी आपलं दुपट्टं ठेवून दिलं. मी म्हटलं, रक्त आलं जी. तेव्हा पाह्यलं त्यायनं. बोट तोंडात घातलं, चोखलं अन् म्हणाले, "पाण्यानं मेलेलं कातडं हाये, त्याले काय होते." अन् पुन्हा हसले. मी पण हसली. काय करू.

तुमी शिंगी पाह्यली ना? मासा. काळी, मिशा असलेली, दोन्ही बाजूनं काटे. तिचा काटा लागला की दांडगा माणूस रडते, हात सुजते, ताप येते. लोक तिले पायाखाली दाबतात, फडक्यानं धरतात, काटे मोडतात अन् मग टोपल्यात टाकतात. आमचे हे उघड्या हातानं काढतात. टोपल्यात हात घालतात अन् मूठ भरून वर, जसं कोणी वांगी निवडून राह्यलं. म्हणून तलावावर शिंगी निघाली की ठेकेदार ओरडते, हेमराजले बोलवा, हेमराज कुठी आहे — मी नाव नाई घेतलं हं, ठेकेदाराचं सांगून राह्यली. आजूबाजूच्या गावायतूनही बोलावणं येते. टोपलं ह्यायच्या पुढं सरकवतात अन् बाकीचे चहा पितात. पोट्टे गोळा होतात पाहाले. गावात म्हणच आहे, "हेमराजचा हात, आज्याचा हात." ह्यायच्या आज्याचाही असाच होता म्हणे, लोखंडाचा. मी विचारलं साऱ्यायले, आजा कसा गेला? कोणी धड सांगत नाई. एवढंच सांगतात की म्हातारपणी तलावाच्या पाळीवर झोपडी बांधून एकटा राहत होता, पाण्याची लई हौस होती त्याले. घरात चार खोल्या बाई, अन् म्हाताऱ्याले पाळीवर राहाची हौस. भाकर रोज इथून जात होती. नेणारं माणूस दुरून ठेवून येत होतं. ते कोणाच्या हौसेनं, ते मी नाई विचारलं. दुसऱ्या कोणत्या गावात एखाद्याच्या हाताले लागलेलं समजत नसतं तर त्याले दवाखान्यात नेलं असतं. इथी त्याच्यापुढं टोपलं ठेवलं.

मी शाळेत जात होती तेव्हा वरोऱ्याले वाटेवर एक भिंत होती, पिवळी. तिच्यावर लिहिलं होतं — न खाजणारा, न दुखणारा चट्टा. पुढचं पाण्यानं पुसलं होतं. रोज वाचून वाचून पाठ झालं, पण परीक्षेत येत नव्हतं म्हणून अर्थ कोण पाहते. त्या पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी मले ती भिंत अख्खीच्या अख्खी दिसली, बाई. रंगासकट.

आहे. ह्यायच्या पाठीवर. रुपयाएवढा, फिकट. पाण्यातून ओले निघाले की दिसते, कोरडं झालं की जाते असं वाटते. — हे मी तुमाले सांगून राह्यली काय? मी तर नेलकटरचं सांगत होती. राहू द्या, ते दारावरचं खडूचं पुसू नका. बसा. बसा ना बाई, पाया पडते, बसा. सासूबाई वाईट नाई माझी. तिच्याबद्दल काई मनात आणू नका.

वाईट असती तर सोपं झालं असतं. ती चहा कसा देते सांगू तुमाले? आमच्या घरी चहा म्हणजे कढत. सासऱ्याले कढत, रंजीताले कढत, मले कढत. ह्यायचा कप मात्र ती आधी बशीत ओतते, फुंकते, बोट बुडवून पाहते, अन् मग देते. चुलीवरचं भगोणं ह्यायले उतरवू देत नाई. बिडी सुटली म्हणतात लग्नाच्या आधी — हिनंच शपथ घालून सोडवली. मी आल्यापासून पाहून राह्यली होती अन् लाडात धरून राह्यली होती. एकुलता एक पोरगा, करते बिचारी. मनात हसतही होती थोडी, की एवढा बाप्या माणूस अन् माय चहा फुंकून देते. त्या पोळ्यानंतर तोच चहा पाह्यला अन् हसू गेलं. भाजलं तर समजत नाई, अन् फोड आला की लोकायले दिसते. तिले माहीत आहे, बाई. माझ्या किती आधीपासून, ते देव जाणे. त्या दिवशी मी रक्तानं भरलेलं नेलकटर हातात घेऊन उभी होती, तिनं ते घेतलं, राखेनं घासलं, धुतलं, पुसलं अन् एवढंच म्हणाली, "श्रावणात नखं काढू नाई, पोरी." श्रावण आदल्याच दिवशी संपला होता.

विचारलं ना. मुकी असली तरी विचारलं. चारेक दिवसानं, ती भाकरी थापून राह्यली होती अन् घरात दोघीच. म्हटलं, माय, तुमाले माहीत आहे ना? ती थापतच राह्यली. इतकी थापली ती भाकर, की तव्यावर टाकताना फाटली. मग म्हणाली, "रंजीताचं होऊ दे." दिवाळीनंतर इकडं मंडई भरते ना गावोगाव, जत्रेवानी, रात्री दंडारीचं नाटक असते, पाव्हणे येतात, त्यातच पोरी पाहणं होते. आमच्या मंडईले सिंदेवाहीकडचे लोक येऊन राह्यले रंजीताले पाहाले, पोरगा चांगला आहे, बर्फाच्या कारखान्यात कामाले. सासू म्हणे, "एवढं तिचं जमलं की मी सोता नेईन त्याले. नागपूरले नेईन, जिथी कोणी वळखीचं नाई तिथी नेईन." मी म्हटलं, अन् या मंडईले नाई जमलं तर? "पुढच्या मंडईले जमंल." असं म्हणाली, सहज, जसं कोणी म्हणते या वर्षी नाई तर पुढच्या वर्षी कौलं बदलू. मले राग आला होता. मग रात्रभर पडून विचार केला तर राग कुठी ठेवावा ते समजेना. आज्याच्या पायी हिच्या दोन नणंदा घरीच म्हाताऱ्या झाल्या, कोणी दारात उभं राह्यलं नाई. हिनं ते पाह्यलं आहे. त्या दोघींचं तिनं केलं शेवटपर्यंत. मी काय पाह्यलं? मी भिंत पाह्यली.

अन् रंजीता पोरगी किती चांगली आहे तुमाले काय सांगू. काल ती नेलपॉलिश लावून बसली होती, पाव्हणे येतील म्हणून सराव. मले म्हणते, "वहिनी, तुमचं ते नखाचंच होय ना? मंग एकदा तरी माझी नखं नीट करून द्या त्यानं." मी हात धरला तिचा, पहिलं नख कापलं अन् दुसऱ्याले तिनं "ओय!" केलं. जरासं लागलं होतं. जरासंच. मी एवढी खूश झाली, बाई, की तिच्या बोटाचा मुकाच घेतला. ती म्हणते, वहिनी येडी झाली.

असं करा ना तुमी — थांबा, ऐकून तर घ्या. तुमी माझं नाव लिहा. गोळ्या मिळतात ना फुकट, महिन्याचं पाकीट असते, मी ऐकलं आहे. माझ्या नावानं द्या अन् मी देईन त्यायले भातासोबत, कशाच्या म्हणून विचारणार नाईत, मासोळीच्या गोष्टीत असले की काईही गिळतात. मी बाहेरून आलेली, सहा-सात महिनेही नाई झाले. माहेरून आणलं म्हणतील, रंजीताच्या रक्ताले नाव नाई लागणार. वरोऱ्याले महारोग्यायची एवढी मोठी वस्ती, तिथची म्हटल्यावर तर कोणी दुसऱ्यांदा विचारणारही नाई. मले काय, मी अशीही मुकीच. — नाई देता येत? तपासाच लागते? माझी पाठ तपासा. हो, माहीत आहे माझ्या पाठीवर नाई. हसू नका बाई. नाई, तुमी नाई हसल्या, मले तसं वाटलं.

गुप्त ठेवता? खरं सांगा. गावात काय गुप्त राहते, शकुबाईले माझ्या पेटीतले परकर पाठ आहेत. पण तुमी तरी सांगत नाई ना कोणाले? — अन् गोळी सुरू झाली की मग घरच्यायले लागत नाई? रंजीताले नाई, मले नाई... पुढं लेकराले नाई? बरं. अन् बोट? करंगळी वाकली आहे, मी रोज पाहते. भाकर मोडताना ती अशी बाहेर राहते, बाकीच्या बोटायसोबत येत नाई. सासू म्हणते जाळं ओढून ओढून वाकली. गेलेलं वापस येते? ...येत नाई. म्हणजे समजणं वापस येईलच असं नाई, पण पुढचं थांबते. आज धरलं तर दोन बोटं, अन् पुढच्या मंडईले धरलं तर पंजा. असंच ना? तुमी गोड करून सांगू नका, मले सरळ सांगा. असंच आहे ना?

हां.

मग तुमी काऊन थांबून राह्यल्या सकाळी दारातच? काऊन विचारलं नाई, की घरातल्या साऱ्या माणसायले बाहेर बोलवा, मले सोता पाहू द्या? म्हातारी नाई म्हणाली अन् तुमी खडू काढला. — नाई, तुमाले दोष नाई देत. किती घरं कराची असतात, किती ऊन. मीही आतच उभी होती ना, दाराच्या मागं. एक पाऊल बाहेर टाकाचं होतं, पायाले लागलं होतं हे निमित्तच. पण आता नका उठू. तलावावर नका जाऊ त्यायच्यासाठी, तिथी सारे असतात, पोट्टे असतात, टोपलं असते. तिथी तुमी हात पाहाले मागितला तर तो हात संपला, समजून घ्या, घरी येणारच नाई तो माणूस. इथीच बसा. दुपारचं जेवाले येतात हे. सूर्य त्या मोहाच्या झाडावर आला की येतात. आलाच आहे.

सासू मले घराबाहेर काढंल काय? काढू शकते. ह्यायनं विचारलं, तू काऊन सांगितलं, तर काय सांगू? लोखंडाचा हात म्हणून गावात मान आहे त्यायले, तो मान मीच काढून घेऊन राह्यली. दुसरं काय आहे त्यायच्यापाशी? जमीन नाई, शिक्षण नाई. हात आहे अन् हाताची गोष्ट आहे. — रंजीताचंही मोडंल कदाचित. मोडलं तर ती माझ्याशी बोलंल काय? मी तिच्या जागी असती तर बोलली नसती. हे सारं मी मोजून ठेवलं आहे, बाई, असं समजू नका की मी उन्हाच्या भरात बोलून राह्यली. मोजूनच बसली आहे. पण रोज सकाळी ती चहा फुंकते ना, बोट बुडवून पाहते, अन् मी समोर बसून कढत चहा पिते —

श्श. फाटक वाजलं.

— आले जी? बादली तिथीच राहू द्या. काई निघालं? शिंगी? बरं, झाकून ठेवा, मी पाहते मग. नाई, हात नका धुऊ अजून, जेवाले वेळ आहे. इकडं या. ह्या बाई दवाखान्यातल्या, पाणी प्यायले थांबल्या. नाई, माय नाई घरी. मायले कशाले विचाराचं? हात तुमचा आहे. — उभे काऊन? बसा. मी सांगून राह्यली ना, बसा. माझ्याकडं नका पाहू असं. हो, मीच सांगितलं.

बाई, पेन काढा तुमचं. त्याचं टोक ह्यायच्या हातावर जिथी टेकवाचं तिथी टेकवा. तुमी डोळे मिटा जी, अन् जिथी समजंल तिथी हो म्हणा, खरं खरं म्हणा, माझ्यासाठी खोटं नका म्हणू.

मी भिंतीकडं तोंड करून बसते. आता मी नाई बोलत.